धावड्याची शांतता

१

शांततेचा डबा उघडला तर आत नुसत्या वायरी. नीट गोल गुंडाळून, रबर लावून ठेवलेल्या. डिस्क दोन्ही गायब.

मी डबा उलटा केला, कपाट धुंडाळलं, टेबलाखाली वाकून पाह्यलं. मंग खुर्चीत बसून स्वतःलाच शिव्या दिल्या. माल दोन ठिकाणी ठेवावा हे आम्ही सगळ्या जगाला शिकवतो, आणि आमच्या दोन्ही डिस्क एकाच डब्यात. लोका सांगे ब्रह्मज्ञान, दुसरं काय.

मी मच्छिंद्र. दीपमालाताईंच्या पिक्चरांचा आवाज मी घेतो. पिक्चर म्हणजे हिरो-हिरोइनचे न्हाईत, खऱ्या माणसांचे, माहितीपट. ताई एके काळी जालन्यात लग्नाच्या व्हिडिओ कॅसेटी काढायच्या आणि लालमियाँ त्यांचा कॅमेरावाला. एका लग्नात वरात गेली, मांडव रिकामा झाला, आणि नवरीची आई एकटीच खुर्च्या गोळा करत होती. ताईंनी लालमियाँला कॅमेरा तिकडं वळवायला लावला. नवरीच्या बापानं लय कटकट केली, पण ताईंना त्यांचं काम सापडलं ते तिथं. पुढं अंकुशनगरच्या ऊसतोड्यांवर पहिला माहितीपट झाला. मोठ्या शहरातला कोणी निर्माता दारात उभा करीना, तर स्वतःच निर्मात्या झाल्या. बक्षिसं आली, परदेशात खेळ झाले. ऑफिस मात्र जुन्या जालन्यातच राह्यलं, रामप्रसाद शेठच्या कापडदुकानाच्या वरच्या खोलीत.

आता शांतता म्हणजे काय ते सांगतो. शूटिंग संपलं की मी सगळ्यांना आहे तिथं गप उभं करतो आणि त्या जागेचा नुसता आवाज भरून घेतो. पुढं एखाद्याचं बोलणं कापलं की मधी भोक पडतं, त्या भोकात त्याच जागेची शांतता भरावी लागते. दुसरीकडची चालत न्हाई, कानाला ठेच लागते. अंकुशनगरची शांतता जड असते, कारखाना बंद असला तरी पत्र्यात काहीतरी घुमत राहतं. मी तिथंच वाढलो, मला झोपेतसुद्धा ती ओळखू येते. धावड्याची निराळी. खळ्यावर मिरच्या वाळत पडलेल्या, दुपारचा वारा फिरला की मिरचीच्या आतलं बी हलतं. ते ऐकत बसलं की माणूस जागा हाये का झोपला हे त्यालाच कळत न्हाई.

वर्षभर आम्ही धावड्याला गोजरबाई आजीच्या मिरचीवर शूटिंग केलं होतं. ते संपलं आणि महिन्याभरात लालमियाँ गेला. आणि आता त्या शिवाराला लागून रस्त्याचं काम सुरू हाये, दिवसभर डंपर. ती शांतता परत आणायला मी कुठं जाऊ?

ताई आल्या. त्यांनी रिकाम्या डब्यात बोट फिरवलं, जणू काही खाली चिकटलं असेल.

"हे सापडलं न्हाई तर पिक्चर होत न्हाई, मच्छिंद्र," त्या म्हणाल्या. "लालमियाँचं शेवटचं काम पेटीत राहील. आणि हा झाला न्हाई तर मी पुढचा करत न्हाई. बास झालं."

लालमियाँची बायको जुबेदाभाभी चहाचा ट्रे घेऊन दारातच उभी होती. तिनं कप टेबलावर ठेवले आणि जिना उतरून गेली. लालमियाँ गेल्यावरही तिनं आमचा दुपारचा चहा बंद केला नव्हता.

मी कुलूप पाह्यलं. त्याला एक ओरखडा न्हाई. म्हणजे घेणारा आपल्यातलाच होता.

२

पोलिसात गेल्तो, खोटं कशाला सांगू.

"काय गेलं?" हवालदारानं कागद पुढं ओढला.

"डिस्क."

"डिस्कमधी काय होतं?"

"शांतता."

त्यानं पेन खाली ठेवलं आणि मला चांगलं निरखून पाह्यलं. "साहेब, जेवण झालं का तुमचं?"

मी उठून आलो. ठरवलं, आपणच शोधायचं. तसा मी संशयी माणूस हाये, बायको रोज सांगते.

खोलीत कॅमेरा होता, भारीतल्या लेन्स होत्या, त्यांना हात लागला नव्हता. गेल्या त्या फक्त शांततेच्या डिस्क. चावी दुपारी खाली दुकानात खिळ्याला टांगलेली असते. ती घ्यायला ओळखीचा माणूस पाहिजे, कारण शेठ परक्याला तिकडं फिरकू देत न्हाईत. म्हणून पहिले शेठच.

रामप्रसाद शेठ या पिक्चरचे सहनिर्माते. पिढीजात कापडवाले. त्यांना पिक्चरमधी गाणी पाहिजेत. हे भांडण वर्षभर चालू होतं.

"शेठ, तुम्ही म्हणाले होते ना, शांततेत लोक झोपतात म्हणून?"

"बिलकुल म्हणालो. आजही म्हणून राह्यलो." गिऱ्हाइकापुढं साडी उलगडत शेठ बोलत होते. "बासरी तरी टाका म्हणलं. पण चोरी? मच्छिंद्रा, पिक्चरचा पहिला खेळ धावड्याला ठेवलाय, त्याच्या पत्रिका मी सगळ्या मार्केटमधी वाटून बसलो. आता लोक विचारून राह्यले, शेठ, कधी निघायचं? तोंड दाखवायला जागा न्हाई मला."

खरं बोलत होते असं वाटलं. तेवढ्यात गिऱ्हाइकानं दुसरा रंग मागितला, शेठनी गल्ल्याखालचा ड्रॉवर ओढला, आणि साड्यांच्या कॅटलॉगखाली मला एक काळी डिस्क दिसली. शेठनी ड्रॉवर झटकन बंद केला.

"काय हाये ते?" मी विचारलं.

"काही न्हाई," शेठ म्हणाले. त्यांचे कान लाल झाले होते.

३

डिस्क वर नेऊन शीतलच्या मशीनला लावली. शेठ धापा टाकत मागं मागं जिना चढून आले आणि म्हणत राह्यले, नको रे बाबा, नको. पडद्यावर त्यांच्या मुलीची, संध्याची हळद लागली. मंग शेठ दिसले. डोक्यावर कळशी घेऊन नाचत होते, आणि खरं सांगायचं तर बरे नाचत होते.

"ताईंनी पाह्यलं तर पिक्चरमधी टाकतील म्हणून लपवली," ते भिंतीकडं पाहून म्हणाले.

शीतल हसत सुटली. शीतल आमची एडिटर, पोरगी हुशार आणि तोंडाळ. तिला पुण्याला नोकरी लागलीय आणि हा पिक्चर संपल्याशिवाय तिला जाता येईना. शेठ गेल्यावर मी तिच्याकडं वळलो.

"माझ्यावर शक हाये ना दादा?" तीच म्हणाली. "मला कंटाळा आलाय हे बराबर. पण शांतता गेली तर माझंच काम लांबलं. मी कशाला माझ्याच पायावर धोंडा मारून घेऊ?"

ते कंटाळ्याचं काम काय, तेही सांगतो. लालमियाँला शेवटच्या वर्षी दमा धरला होता. शॉट चालू असला की तो श्वास रोखून धरायचा, कॅमेरा हलू नये म्हणून, आणि मनासारखं मिळालं की सोडायचा. ताई कधी 'कट' म्हणाल्या न्हाईत. लालमियाँचा श्वास सुटला की शॉट संपला, अशी या दोघांची रीत. पण शांतता भरताना लय वेळ गप राहावं लागतं, तेवढा दम त्याच्यात उरला नव्हता. म्हणून धावड्याच्या सगळ्या शांततेत मधून मधून त्याचा श्वास आलाय, घरघर करत. तो काढल्याशिवाय शांतता वापरता येत न्हाई. शीतलनं मशीनमधली नक्कल धुतली, म्हणजे श्वास मशीनलाच पुसायला लावला, तर ती पत्र्यासारखी वाजायला लागली आणि वाया गेली. मंग ताई म्हणाल्या, मूळ डिस्क घ्या आणि हातानं कापा. तेव्हापासून खोलीत दिवसभर एकच बोलणं. लालमियाँ अजून येऊन राह्यला. काढ त्याला. इथं पण हाये बघ, काढून टाक.

"मला सवय झालीय त्याच्या श्वासाची," शीतल म्हणाली. बोलता बोलता तिचे डोळे भरून आले. "घरी भांडे घासताना पण ऐकू येतो. जुबेदाचाचीनं एकदा विचारलं होतं, काढलेलं कुठं टाकता गं? मी म्हणलं, कुठंच न्हाई चाची, जातं ते. आणि नंतर मलाच कसंतरी झालं."

तिनं नाक पुसलं आणि एकदम आठवल्यासारखं माझ्याकडं पाह्यलं.

"दादा, डिस्क गेल्या त्या दिवशी दुपारी आदिनाथ वर आल्ता. मिरची घेऊन बाजारात आल्ता म्हणे. त्यानं विचारलं, गप बसलेलं रेकॉर्डिंग कोणत्या डब्यात असतं?"

आदिनाथ म्हणजे गोजरबाईंचा मुलगा.

४

धावड्याला निघायच्या आधी मी भाभीकडं डोकावलो. तिचं घर दोन गल्ल्या सोडून, वर गच्ची, गच्चीत मोगऱ्याच्या कुंड्या. आदिनाथ जिन्यात दिसला होता का, एवढंच विचारायचं होतं. भाभी ऊन खात केस विंचरत होती. कंगव्यातले केस तिनं बोटाला गुंडाळले आणि कुंडीतली माती उकरून आत दाबले.

"हे काय करता भाभी?"

"उघड्यावर टाकू नये, भाई. नख असो, केस असो. माणसाचं ते मातीत द्यावं. आमच्यात असंच." मंग ती थांबली. "माझ्यावर तर शक न्हाई ना? तुमच्या लोकांचं मी काही घेतलं न्हाई. अल्लाकसम."

"काय बोलता भाभी," मी म्हणालो. मला लाज वाटली. आदिनाथला तिनं पाह्यलं नव्हतं. मी निघालो तेव्हा ती तांब्यातून कुंड्यांना पाणी घालत होती.

ताई सोबत आल्या. धावड्याला पोचलो तर दुपार टळत होती. डंपर थोडा वेळ थांबले होते. खळ्यावर लाल मिरची पसरलेली, आणि गोजरबाई आजी देठं खुडत बसलेली. त्या वासानं डोळ्यांत पाणी येतं, त्या पाण्यातून सगळं खळं हलल्यासारखं दिसतं. मला वाटलं लालमियाँ आत्ता बाभळीखालून उठून येईल आणि म्हणेल, मच्छिंद्रा, तुझी माईकची काठी फ्रेममधी येऊन राह्यली, सरक.

आदिनाथ आम्हाला पाहून उभाच राह्यला.

"डबा विचारला होतास तू," मी म्हणालो.

"विचारला होता." त्यानं मान खाली घातली. "तुमी शांतता भरत होते त्या दिशी माझं आईसंग वाजलं होतं. तुमचा माईक चालू हाये हे माझ्या ध्यानात न्हाई आलं. मी तिला म्हणलो, मर एकदाची. ते गावात मोठ्यानं वाजलं तर मी तोंड कसं दाखवू?"

ते मी ऐकलं होतं. डोळे मिटता येतात, कान मिटता येत न्हाईत.

"मंग घेतल्या तू डिस्क?"

"कशाला घेऊ? मी खाली उतरलो आन् ताईंला फोन केला. ताई लगेच म्हणल्या, काढते."

ताईंनी मान हलवली; माझा संशय कोणावर हाये ते मी त्यांना सांगितलंच नव्हतं. ही त्यांची दुसरी रीत. पिक्चर बाहेर कुठंही जायच्या आधी पहिला खेळ त्या माणसांच्या गावात होतो, ज्यांचा तो हाये. संपला की ताई उभ्या राहतात आणि विचारतात, काही काढायचं का? पिक्चरमधल्या कुणीही काढा म्हणावं, ताई कारण विचारत न्हाईत. एका पिक्चरमधला सगळ्यात चांगला प्रसंग असा गेला, तरी न्हाई विचारलं. ज्याला मागून मिळतं तो चोरी कशाला करील? आदिनाथ सुटला.

"मी ऐकलं व्हतं ते," गोजरबाई आजी देठं खुडता खुडता म्हणाली. "लेकरू हाये, बोलतं. माझा खेळ कवा करता ते सांगा, ताई. डोळे मिटायच्या आत पाहू द्या."

ताई आजीचा हात धरून बसून राह्यल्या.

परतीला मला गाडीत झोप लागली, म्हणजे पुरती न्हाई. भोकरदनच्या पुढं रस्ता सरळ आणि दोन्हीकडं मका. अर्धवट झोपेत मी शांतता ऐकत होतो, आणि तिच्यात लालमियाँ. श्वास घेई, रोखून धरी, सोडी. मी स्वप्नातच शीतलला म्हणालो, काढ त्याला. मंग मला त्या वायरी दिसल्या, गोल गुंडाळलेल्या.

वायरीशिवाय डिस्क मुकी असते. विकायला, ऐकायला, कशालाही वायर लागते. आमच्या धंद्यातला माणूस डिस्क उचलील तर हात आपसूक वायरीला जाईल. इथं कोणीतरी रबर सोडवून वायर वेगळी केली आणि परत ठेवली, सांभाळून. म्हणजे त्याला डिस्क चालवायची नव्हती. आणि वायर आमची, ती घ्यायची नव्हती. त्याच्या हिशेबात डिस्कमधलं जे होतं ते आमचं नव्हतंच. मंग कोणाचं? धावड्याची शांतता तर आदिनाथच्या घराची, पण तो न्हाई. त्या शांततेत दुसरं कोण होतं?

काढलेलं कुठं टाकता गं?

मी खडबडून जागा झालो. तुमच्या लोकांचं मी काही घेतलं न्हाई, असं ती म्हणाली होती, आणि ती खोटी शपथ घेणारी बाई न्हाई.

"ताई," मी म्हणालो, "डिस्क कुठं हायेत ते मला कळलं. पण तिथं सकाळीच पाणी घातलंय."

५

गच्चीत ऊन उतरत होतं. आम्ही दोघं वर आलो तशी भाभीनं आमच्या तोंडाकडं पाह्यलं आणि मोगऱ्याच्या सगळ्यात मोठ्या कुंडीसमोर जाऊन उभी राह्यली. काखेत कळसा आणि गावाला वळसा, असं माझं झालं होतं. मला राग यायला पाहिजे होता. आला न्हाई.

"भाभी," ताई म्हणाल्या, "तुम्ही घेतल्या?"

"त्यांचा दम होता त्यात." भाभीचा आवाज हलका होता, पण कापत नव्हता. "मी रोज चहा घेऊन येत होते. तुम्ही लोक रोज म्हणून राह्यले, लालमियाँला काढा, लालमियाँ अजून येऊन राह्यला. मी शीतलला विचारलं, काढून कुठं टाकता? ती म्हणली कुठंच न्हाई. ताई, कापलेलं नख आम्ही उघड्यावर टाकत न्हाई. आणि हा तर माणसाचा दम. कुठंच न्हाई म्हणजे कुठं? म्हणून मी आणला, पांढऱ्या कपड्यात बांधला, दुआ पढली आणि मातीत दिला."

"मला सांगायचं होतं," ताई म्हणाल्या. "मी सगळ्यांना विचारते. तुम्ही नको म्हणाल्या असत्या तर मी कारण विचारलं नसतं."

"तुम्ही कोणाला विचारता? ज्यांचा चेहरा पडद्यावर येतो त्यांना. आमच्या ह्यांचा चेहरा कधी आला? ते कॅमेऱ्याच्या मागं. मी तर त्यांच्या पण मागं. मी कोणत्या हक्कानं बोलणार होते?"

ताई मटकन खालीच बसल्या, गच्चीच्या फरशीवर. मी त्यांना पुरस्कार घेताना पाह्यलंय, पावसात, कर्जात, भांडणात पाह्यलंय. असं कधी पाह्यलं नव्हतं.

"सगळी जिंदगी मी लोकांना विचारत फिरले," त्या म्हणाल्या. "आणि जो माझ्या शेजारी उभा होता त्याला एकदाही विचारलं न्हाई. चुकलं माझं, भाभी."

मी हळूच म्हणालो, "भाभी, कुंडी उकरू का?"

"न्हाई." ती कुंडीच्या पुढं झाली. "तुम्ही म्हणाले पिक्चर होत न्हाई, त्या दिवसापासून माझ्या डोळ्याला डोळा न्हाई. पण पुरलेलं उकरत न्हाईत, भाई."

खाली गल्लीत रिक्षावाले भांडत होते. जबरदस्ती करायची असती तर एक कुंडी उचलायला किती वेळ लागतो. पण ताईंनी माझ्याकडं पाह्यलंसुद्धा न्हाई. त्या उठल्या, पदर सारखा केला आणि खेळ संपल्यावर गावापुढं उभ्या राहतात तशा भाभीसमोर उभ्या राह्यल्या.

"जुबेदाभाभी, लालमियाँ या पिक्चरमधी हाये. तुम्ही म्हणाल तसं करू. मातीतच राहू द्यायचं तर राहू द्या, पिक्चर मी बंद करते, तुम्हाला कोणी एक शब्द बोलणार न्हाई. बाहेर काढायचं तर श्वास ठेवू का काढू, ते पण तुम्हीच सांगा."

भाभीनं आतून उलथणं आणलं.

"त्यांचं शेवटचं काम हाये ना हे?"

"हो."

"मंग त्यांचं काम मातीत कसं ठेवू?" ती गुडघे टेकून बसली आणि मोगऱ्याच्या मुळांना धक्का न लावता माती बाजूला करायला लागली. "दम काढा, ताई. ठेवू नका. एका शॉटसाठी ते किती वेळ रोखून धरायचे, घरी येऊन किती खोकायचे, मला माहीत हाये. पिक्चरमधी त्यांचा आवाज आला तर त्यांनाच शरम वाटेल. फक्त काढलेलं फेकू नका. माझ्या हातात द्या."

पांढरं फडकं निघालं. त्यातून पाणी गळत होतं.

६

फडक्याच्या आत प्लास्टिकची पिशवी होती. पहिली डिस्क मशीनला लावली तर तिनं एकदा कर्र केलं आणि संपली. दुसरी मी ओल सुकावी म्हणून तांदळाच्या पातेल्यात पुरून ठेवली, शीतलनं सांगितलं म्हणून. दोन दिवस शेठ सारखे वर येऊन पातेल्याकडं पाहून जात होते.

तिसऱ्या दिवशी ती चालली. मिरचीतलं बी हललं, लांब कुठंतरी होला बोलला, आणि लालमियाँनी श्वास घेतला. शेठ दाराकडं तोंड करून उभे राह्यले.

मंग मी आणि शीतल कामाला बसलो. दोन श्वासांच्या मधली शांतता तेवढी उचलायची, एकाला एक जोडायची. इतकं बारीक काम मी आजवर केलं न्हाई. काढलेले श्वास एकामागं एक वेगळे ठेवले, एक वाया जाऊ दिला न्हाई, आणि सगळे एका कार्डात भरून भाभीला दिले. आता खोलीत कोणी 'काढ त्याला' म्हणत नव्हतं. शीतल म्हणायची, "हा पण चाचीचा." पुण्याला जायचं तिनं पुढं ढकललं, मी विचारलंही नव्हतं.

धावड्याच्या शाळेच्या मैदानात दिवस मावळायला पडदा बांधला. डंपर तेवढ्यापुरते थांबवायला आदिनाथ स्वतः जाऊन सांगून आल्ता. सगळं गाव बसलं, मार्केटमधले शेठचे लोक पण आल्ते. बायकांमधी जुबेदाभाभी होती. एवढी वर्षं ती कधी कोणत्याच खेळाला आली नव्हती. लालमियाँ म्हणायचा, तिला पिक्चर आवडत न्हाईत. खरं म्हणजे तिला कोणी बोलावलंच नव्हतं.

पिक्चर चालू झाला. गोजरबाई आजी पडद्यावर रोपं लावत होती, फवारत होती, तोडत होती, लेकाला कामं सांगत होती, एकटीच हसत होती. मधल्या सगळ्या फटींत धावड्याची शांतता भरलेली, स्वच्छ. मी मागं उभा राहून ऐकत होतो. लालमियाँ कुठंच नव्हता. काम एकदम बराबर झालं होतं आणि माझ्या छातीत दुखत होतं.

शेवटच्या दृश्यात आजी रिकाम्या खळ्यावर बसून राहते, मिरची सगळी बाजारात गेलेली. ती नुसती लांब पाहते. कॅमेरा तिला सोडत न्हाई. मंग काळोख.

ताई पुढं आल्या.

"काही काढायचं का?" त्यांनी विचारलं.

आदिनाथनं मान हलवून न्हाई म्हणलं. आजी म्हणाली, "काढायचं काई न्हाई. अजून व्हतं तर दाखवा." लोक हसले.

मंग बायकांमधून भाभी उठली. एका हातानं तिनं ओढणी धरली होती.

"ताई, मला काही काढायचं न्हाई. टाकायचंय."

"बोला," ताई म्हणाल्या.

"एक दम. शेवटचा. आजी बसून राह्यल्या ना, तिथला." तिला पुढं बोलायला जड जात होतं, पण ती थांबली न्हाई. "बाकीचे सगळे त्रासाचे हायेत. तो तसा न्हाई. मी ऐकला. काम मनासारखं झालं तेव्हा ते घरी येऊन असाच सोडायचे."

ताईंनी कारण विचारलं न्हाई. शीतलनं तिथंच शाळेच्या ओट्यावर सोबत आणलेला लॅपटॉप उघडला, भाभीनं पर्समधून कार्ड काढून दिलं, आणि मी हेडफोन लावून तो श्वास शोधला. गाव बसून राह्यलं. कोणी उठलं न्हाई.

शेवटचं दृश्य परत लावलं. आजी रिकाम्या खळ्यावर बसली, लांब पाहत राह्यली. मंग पडद्यामागून, अगदी जवळून, लालमियाँनी श्वास सोडला आणि काळोख झाला.

मला रडू आवरलं न्हाई, आणि मी आवरलं पण न्हाई. ताई अंधारात उभ्या राह्यल्या होत्या, त्यांनी दिवे लावा म्हणून सांगितलं न्हाई. आजी मागं वळून खळ्याच्या दिशेनं पाहत होती, जिथं वर्षभर कॅमेरा उभा असायचा तिकडं.

भाभी गर्दीतून माझ्याकडं आली. मी कार्ड तिच्या हातात दिलं. तिनं ते ओढणीच्या टोकाला बांधलं, गाठ पक्की आहे का पाह्यली.

"बाकीचे घेऊन जाते, भाई," ती म्हणाली, आणि गाडीत जाऊन बसली.